सस्तनांची भाऊबंदकी

शास्त्रज्ञ प्राण्याला नांव ठेवतो आणि टीकाकार त्या नांवाला नांवें ठेवतो, असा हा मामला आहे. वाङ्मयाचा अभ्यास करणाऱ्यानें काव्य-नाटकांच्या कुंपणाबाहेर पडून दगडांत सांपडलेल्या दांतांच्या व जबड्यांच्या नामकरणाची चिकित्सा करावी, हें कित्येक वाचकांस अनधिकार वाटेल. परंतु नांव देणें ही भाषेचीच एक कृति आहे. आणि जेथें भाषेची कृति आहे, तेथें अर्थाची, औचित्याची व सत्यासत्याची विचारणा करण्याचा टीकाकाराचा हक्क कोणी नाकारूं नये. सस्तन प्राणी पृथ्वीवर अवतरले त्या सुमारास व त्यापूर्वीं त्यांचे जे भाऊबंद येथें नांदले आणि निर्वंश झाले, त्यांच्या नांवांचा विचार आम्ही या लेखांत करणार आहों.

प्रथम कोंकणांतील साधें उदाहरण घेऊं. पेण किंवा रोह्याच्या बाजूचा रानांत हिंडणारा माणूस एका जनावराला खवले मांजर म्हणतो, दुसऱ्याला उदमांजर म्हणतो आणि तिसऱ्याला पाणमांजर म्हणतो. तिहींपैकीं एकही मांजर नव्हे. खवले मांजर तर मांजराच्या कुळापासून फारच दूर. मुंग्या व वाळवी खाऊन राहणारें, तोंडांत एकही दांत नसलेलें असें तें जनावर आहे. तरीहि या नांवांनीं कोणाची फसवणूक होत नाहीं. कारण हें जनावर कोठेंतरी मांजराची आठवण करून देतें, एवढाच लोकभाषेचा दावा असतो. नात्याचा दाखला देण्याचा तिचा हेतु नसतो. शास्त्रानें एखाद्या संपूर्ण वर्गाला दिलेलें नांव मात्र निराळ्या जातीचें आहे. तें वंशावळींतील नोंदीसारखें असतें. लोकनामांत जें क्षम्य, तें वर्गनामांत क्षम्य नव्हे, हा भेद ध्यानांत ठेवून पुढें जाऊं.

प्राण्यांच्या शास्त्रीय नांवांची व्यवस्था स्वीडनच्या लिनीयसनें लावून दिली, आणि त्याच्या ग्रंथाची १७५८ सालची दहावी आवृत्ति हा या व्यवहाराचा आरंभ मानतात. प्रत्येक जातीला दोन शब्दांचें नांव. पहिला शब्द वंशाचा, दुसरा जातीचा. सस्तन हा वर्गहि त्यानेंच याच आवृत्तींत स्तनांवरून बांधला, आणि आपला 'सस्तन' हा शब्द त्याचेंच अनुसरण करतो. पण गंमत अशी कीं, ज्या लक्षणावरून वर्गाला नांव मिळालें, तें दगडांत कधींच टिकत नाहीं. टिकतात ते दांत. म्हणून या प्राचीन भाऊबंदांचीं नांवें बहुधा 'डॉन', म्हणजे दांत, किंवा 'थेरियम', म्हणजे श्वापद, या ग्रीक पदांनीं संपतात. दक्षिण आफ्रिकेंतील एका प्राण्याच्या तीन टोंकांच्या दाढा पाहून सीलीनें १८९४ सालीं त्याला 'थ्रिनॅक्सोडॉन', म्हणजे त्रिशूलदंत, म्हटलें. पुढें प्राणहिता-गोदावरीच्या खोऱ्यांतील एका चिमुकल्या सस्तनाला यादगिरी यांनीं 'त्रिशूलोथेरियम' असें नांव दिलें. एकानें ग्रीक शब्द घेतला, दुसऱ्यानें संस्कृत. प्रतिमा मात्र एकच. ज्याच्या वस्तूकडे पाहून नांव सुचलें ती वस्तु नांव ऐकतांच डोळ्यांपुढें उभी राहते, अशा नांवांना आम्ही उत्तम म्हणतों.

आतां दोषाकडे वळूं. या प्राण्यांच्या नांवांत दुसरें एक पद वारंवार येतें, तें 'सॉरस', म्हणजे सरडा. १९७० सालीं रॉय चौधरी यांनीं गोदावरीच्या खोऱ्यांतील एका तृणभक्षक प्राण्याला थोर भूगर्भशास्त्रज्ञ वाडिया यांच्या स्मरणार्थ 'वाडियासॉरस' असें नांव दिलें. अक्षरशः अर्थ केला तर 'वाडियांचा सरडा'. परंतु हा प्राणी सरडा नव्हता व सरड्याचा पूर्वजहि नव्हता. ज्या शाखेतून पुढें सस्तन निघाले व ज्या शाखेतून सरडे, सुसरी, डायनोसॉर व पक्षी निघाले, त्या दोन शाखा सुमारें ३२ कोटि वर्षांपूर्वींच एकमेकींपासून फुटल्या. डोळ्यामागें कवटीला एकच खिडकी असणें ही आपल्या शाखेची जुनी खूण. वाडियासॉरस हा आपल्या शाखेचा आहे. नात्यानें तो सरड्यापेक्षां तुम्हां-आम्हांस जवळचा आहे.

एकट्या प्राण्याच्या विशेषनामांतील हा दोष आम्ही पोटांत घालूं. विशेषनाम खोटें असलें तरी चालतें. 'नांव सोनुबाई आणि हातीं कथलाचा वाळा' ही म्हण आपल्या भाषेंत उगीच आलेली नाहीं. नामकरणाच्या आंतरराष्ट्रीय नियमांनाहि हें मान्य आहे. १८३४ सालीं हार्लननें एका प्रचंड प्राण्याला 'बॅसिलोसॉरस', म्हणजे सरड्यांचा राजा, म्हटलें. पुढें ओवेननें तो देवमासा असल्याचें दाखवून नवें नांव सुचविलें. तरी जुनें नांवच कायम राहिलें. सरकारी हुकमानें आमच्या कुलाबा जिल्ह्याचें नांव १९८१ सालीं रायगड होऊं शकलें; पण प्राण्याचें रीतसर दिलेलें नांव तें अशोभन आहे एवढ्याच कारणानें बदलतां येत नाहीं. नांव स्थिर राहिलें तरच निरनिराळ्या देशांतील विद्वान एकाच वस्तूविषयीं बोलत आहेत याची खात्री राहते.

खरा अपराध सामान्यनामाचा आहे. ऑस्बॉर्ननें १९०३ सालीं या शाखेला 'सिनॅप्सिडा' असें नांव दिलें, तेव्हां तिला सरीसृपांच्या वर्गांतच बसविलें होतें. त्यांतून 'सस्तनांसारखे सरीसृप' ही संज्ञा इंग्रजींत रूढ झाली, आणि 'सरीसृपांपासून सस्तन प्राणी उत्पन्न झाले' हें वाक्य आपल्या मुलांच्या तोंडीं बसलें. आज अभ्यासकांनीं ती संज्ञा टाकून दिली आहे. आपण मात्र तिचें भाषांतर जपून ठेवलें आहे. याचा परिणाम घरोघर दिसतो. मुलांच्या खेळण्यांतील डायनोसॉरांच्या पिशवींत पाठीवर शिडासारखा पडदा असलेलें एक जनावर हमखास असतें. तो डायमेट्रोडॉन. कोपनें १८७८ सालीं दिलेल्या या नांवाचा अर्थ 'दोन मापांचे दांत असलेला'. म्हणजे नांव अगदीं यथार्थ. पहिला डायनोसॉर जन्मास येण्यापूर्वीं कित्येक कोटि वर्षें हा प्राणी होऊन गेला, आणि तोहि आपल्याच शाखेचा. पण 'सरीसृप' या एका शब्दानें त्याची रवानगी परक्या घरांत झाली. मूल आपल्या चुलत-पणजोबाला ओळखत नाहीं, कारण कोशानें त्याचें आडनांव चुकीचें लिहिलें आहे.

या शाखेची कथा किती अद्भुत आहे, तें एका उदाहरणावरून कळेल. सरड्याच्या खालच्या जबड्यांत अनेक हाडें असतात. आपल्या जबड्यांत एकच. मग उरलेलीं हाडें गेलीं कोठें? रायखर्ट या जर्मन शरीरशास्त्रज्ञानें १८३७ सालीं दाखवून दिलें कीं, जबड्याचा जुना सांधा ज्या दोन हाडांनीं साधला जात असे, तींच आपल्या कानांतील हातोडी व ऐरण होत. जीं हाडें पूर्वीं चावण्याच्या कामीं होतीं, तीं ऐकण्याच्या कामीं लागलीं. या स्थित्यंतराच्या उंबरठ्यावर उभ्या असलेल्या, जुना व नवा असे दोन्ही सांधे एकाच जबड्यांत बाळगणाऱ्या एका प्राण्याला क्रॉम्प्टननें १९५८ सालीं 'डायार्थ्रोग्नॅथस', म्हणजे द्विसंधिहनु, असें नांव दिलें. एका शब्दांत सबंध प्रमेय सांगणारें याहून चांगलें नांव आमच्या पाहण्यांत नाहीं.

व्यक्तींच्या आणि संस्थांच्या नांवांनीं प्राण्यांस अमर करण्याची रीति आहे, तिच्याविषयीं आमचें मत संमिश्र आहे. 'डेक्कनोलेस्टेस हिस्लॉपी' हें नांव प्रसाद व साहनी यांनीं १९८८ सालीं दिलें. त्याचा अर्थ 'हिस्लॉपचा दख्खनी लुटारू'. आणि हा लुटारू केवढा, तर चिचुंद्रीएवढा! नागपूरच्या परिसरांतील जीवाश्म धुंडाळणाऱ्या व १८६३ सालीं पाण्यांत बुडून मरण पावलेल्या त्या मिशनऱ्याचें स्मरण येथें योग्य जागीं झालें आहे. याहून विलक्षण नांव चटर्जी यांनीं १९८२ सालीं गोदावरीच्या खोऱ्यांतील एका प्राण्यास दिलें : 'एक्झेरेटोडॉन स्टॅटिस्टिकी'. ज्या इंडियन स्टॅटिस्टिकल इन्स्टिट्यूटनें या उत्खननांस आश्रय दिला, तिचें हें ऋण. रोहेकर वाचकांस येथें एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. ज्यांचें बालपण रोह्यास गेलें, ते चिंतामणराव देशमुख १९४५ पासून १९६४ पर्यंत या संस्थेचे अध्यक्ष होते. केंब्रिजमध्यें त्यांनीं वनस्पतिशास्त्र व रसायन यांच्या जोडीला भूगर्भशास्त्राचा अभ्यास केला होता, आणि कालिदासाचें मेघदूत मराठींत आणणारे रसिकहि तेच. संख्याशास्त्राच्या संस्थेनें दगडांतील दांत कां शोधावे, असा प्रश्न अशा अध्यक्षाला पडला नसावा. तथापि नांव म्हणून पाहिलें तर 'स्टॅटिस्टिकी' प्राण्याविषयीं कांहींच सांगत नाहीं. तें देणगीदाराच्या पाटीसारखें आहे. आणखी एक खेदाची गोष्ट अशी कीं, ज्या निबंधांत या प्राण्याचें नामकरण झालें, त्याच्या मथळ्यांतहि त्याला सरीसृपच म्हटलें आहे.

पेण-रोह्याच्या डोंगरांत असे अवशेष कां सांपडत नाहींत, असें कोणी विचारील. हे डोंगर सुमारें ६ कोटि ६० लक्ष वर्षांपूर्वीं वाहिलेल्या तप्त रसाच्या थरांचे आहेत, आणि त्या रसांत प्राण्याचें हाड टिकण्याची आशा नाहीं. परंतु एक थर निवाल्यावर दुसरा येईपर्यंत मध्यें कांहीं ठिकाणीं तळीं सांचलीं, त्यांच्या गाळांत दांत राहिले. बेळगांव जिल्ह्यांतील गोकाक येथील अशाच गाळांत व अन्यत्र मिळालेल्या दांतांवरून २००७ सालीं मोठी मौज झाली. दोन मंडळांनीं स्वतंत्रपणें एकाच प्राण्याला दोन नांवें दिलीं. एकानें म्हटलें 'भारतथेरियम बोनापार्तेई', दुसऱ्यानें म्हटलें 'दक्षिणा जेडेरी'. यांतील बोनापार्ते हे आर्जेंटिनाचे संशोधक; नेपोलियनशीं त्यांचा संबंध नाहीं. पहिलें नांव आधीं छापलें गेलें, म्हणून तें टिकलें. दुसरें बाद झालें. आमच्या कानाला 'दक्षिणा' हें नांव अधिक गोड लागतें, आणि अर्ध्या संस्कृत व अर्ध्या ग्रीक जोडशब्दापेक्षां तें निर्मळहि आहे. मात्र मराठी वाचकाला त्यांत दक्षिण दिशेपेक्षां भटजींच्या कनवटीचा भास आधीं होईल! रसिकांचा कौल कांहीं असो, येथें निकाल तारखेवर लागतो, आणि तो तसाच लागावा. रुचीवर निकाल सोंपविला असता तर भाऊबंदकीचा हा दावा कधींच मिटला नसता.

नांव घाईनें दिलें तर काय होतें, याचाहि धडा आपल्याच देशांत आहे. मध्यप्रदेशांतील टिकी येथील एका दाढेवरून २००५ सालीं दत्त यांनीं 'टिकिथेरियम' हा वंश स्थापिला व त्याला अत्यंत प्राचीन सस्तनांच्या पंगतीला बसविलें. २०२४ सालीं अव्हेरियानोव्ह व व्होयता या रशियन अभ्यासकांनीं असें मांडलें कीं, ही दाढ कोट्यवधि वर्षांनंतरच्या एका चिचुंद्रीची आहे. डोंगर पोखरून उंदीर काढणें ही म्हण इतकी तंतोतंत क्वचितच लागू पडली असेल. फरक एवढाच कीं, चिचुंद्री ही उंदीरहि नव्हे. परंतु यांत शास्त्राची अप्रतिष्ठा नाहीं. दाढ जपून ठेवलेली होती, तिचें वर्णन छापलेलें होतें, म्हणूनच दुसऱ्याला ती तपासतां आली. नांवामागें पुरावा बांधून ठेवण्याची ही शिस्त आपल्या साहित्यचर्चेनें उचलावी, अशी आमची इच्छा आहे.

शेवटीं मराठीपुरती सूचना. प्राण्यांचीं विशेषनामें भाषांतर न करतां नागरींत जशींच्या तशीं लिहावीं. अर्थ हवा तर वाक्यांत सांगावा. 'सस्तनसदृश सरीसृप' हा शब्द मात्र पाठ्यपुस्तकांतून व कोशांतून काढून टाकावा. त्याच्या जागीं 'सस्तनपूर्वज' चालणार नाहीं. कारण वाडियासॉरसासारखे पुष्कळ प्राणी आपले पूर्वज नव्हत, चुलत घराण्यांतील निर्वंश झालेले पुरुष आहेत. आम्ही 'सस्तनगोत्री' हा शब्द सुचवितों. एका मूळ पुरुषापासून झालेले सर्व, मग ते हयात असोत वा लुप्त, हा गोत्र शब्दाचा अर्थ येथें नेमका हवा तोच आहे. या शब्दाला सोयरिकीचा व उच्चनीचतेचा वास येतो, असा आक्षेप कोणी घेईल. तो अगदींच निराधार नाहीं. पण ज्या गोत्रांत माणूस, उंदीर, देवमासा आणि टिकीची चिचुंद्री एकत्र बसतात, तेथें उच्चनीचतेला जागा कोठें उरते? उलट, आपल्या घरांत जो शब्द कुंपणासारखा वापरला गेला, तो शास्त्रानें इतका रुंद केला तर त्यांत भाषेचेंहि कल्याण आहे. याहून चांगला शब्द कोणी सुचविला, तर आम्ही आनंदानें आमचा मागें घेऊं. मुलांच्या वहींत मात्र खोटें आडनांव राहूं नये, एवढाच आमचा आग्रह आहे.