बुणग्यांचे पानिपत

शके 1682 च्या पौष शुद्ध अष्टमीस, म्हणजे 14 जानेवारी 1761 रोजी, पानिपताजवळच्या मैदानात मराठे व अहमदशाह अब्दाली यांच्या लढाईत एका दिवसात जे घडले त्याविषयी मराठीत जेवढे लिहिले गेले तेवढे दुसऱ्या कोणत्याही एका लढाईविषयी क्वचितच लिहिले गेले असेल. बखरी झाल्या, कैफियती झाल्या, पोवाडे झाले. पुढे राजवाड्यांनी 1898 मध्ये ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिलाच खंड त्या काळच्या पत्रांना वाहिला आणि त्याच्या प्रस्तावनेने वादाला शास्त्रीय रूप दिले. सरदेसाई, जदुनाथ सरकार, शेजवलकर यांनी त्यावर आपापला निवाडा दिला. आणि नाटककार व कादंबरीकार यांनी तर हा विषय पिढ्यान्‌पिढ्या पुन्हा पुन्हा हाती घेतला. एवढ्या विपुल वाङ्मयाकडे एकत्र पाहिले म्हणजे त्याला एका प्रदीर्घ मुकदम्याचे स्वरूप आलेले दिसते. सेनापती सदाशिवराव भाऊसाहेब उतावळे होते की नानासाहेब पेशवे गाफील होते, मल्हारराव होळकरांनी नजीबखानास पूर्वी पाठीशी घातले ते किती भोवले, गोविंदपंत बुंदेल्यांनी रसद व पैसा वेळेवर का पोहोचविला नाही, इब्राहिमखान गारद्यावर विसंबणे शहाणपणाचे होते काय, या प्रश्नांची उलटतपासणी अडीचशे वर्षे चालली आहे. ती व्यर्थ गेली असे कोणी म्हणणार नाही; तिच्यामुळे कागद उजेडात आले आणि भाऊसाहेबांवरील कित्येक निराधार आक्षेप दूर झाले. परंतु या मुकदम्यात ज्यांची फिर्याद कोणी लिहूनच घेतली नाही असा एक मोठा जमाव राहून गेला आहे, आणि त्या जमावावाचून पानिपताचे वाङ्मय, त्यातील उत्तमोत्तम ग्रंथ धरूनही, अपुरे आहे असे माझे मत आहे.

पराभवाची वार्ता नानासाहेबांस ज्या सावकारी पत्राने कळली असे ग्रँट डफपासून सर्वांनी सांगितले आहे, त्या पत्राचा आशय प्रत्येक मराठी मुलास ठाऊक असतो. दोन मोती म्हणजे भाऊसाहेब व नानासाहेबांचे पुत्र विश्वासराव, सत्तावीस मोहरा म्हणजे नामांकित सरदार, आणि उरलेल्या चांदी-तांब्याची मोजदादच नाही, अशी ती सांकेतिक भाषा. सावकाराच्या कासिदाने घाईने न्यावयाच्या पत्रात याहून अधिक मावणे शक्य नव्हते. परंतु इतिहासकाराला व कादंबरीकाराला तशी घाई नसताना त्यांनीही जमाखर्च त्याच रीतीने मांडावा, मोत्यांवर प्रकरणे लिहावीत, मोहरांची नावनिशी द्यावी आणि खुर्द्याचे सदर कोरेच ठेवावे, ही गोष्ट मनाला लागते.

तो खुर्दा म्हणजे कोण? मराठी लष्कराबरोबर चालणाऱ्या माणसांना आपण ‘बाजारबुणगे’ हे नाव देऊन मोकळे झालो, आणि त्या नावातच तुच्छता इतकी मुरली की ते लष्कराला चिकटलेले निरुपयोगी ओझे होते ही समजूत विद्वानांनीही सहसा तपासून पाहिली नाही. वास्तविक त्या काळचे लष्कर कसे चालत असे ते ध्यानी घेतले पाहिजे. सरकारातून शिपायाला शिधा मिळत नसे. त्याला नालबंदी व रोजमुरा मिळे आणि दाणागोटा त्याने छावणीच्या बाजारात विकत घ्यावयाचा असे. म्हणून बाजार हा लष्कराचा अवयवच होता. वंजाऱ्यांचे बैलांचे तांडे धान्य आणीत. वाणी ते विकीत. नालबंद, लोहार, सुतार, बेलदार, पखालजी, भोई, मशालजी, खिदमतगार, घोड्यांची निगा राखणारे मोतद्दार, वैरण कापून आणणारे घासदाणेवाले, एवढ्यांचे हात लागल्यावाचून एकही पथक सकाळी कूच करू शकत नसे. त्यांच्याखेरीज सरदारांचे कुटुंबकबिले होते, बटकी व कसबिणी होत्या, आणि एवढ्या मोठ्या फौजेच्या सावलीत मथुरा, प्रयाग, कुरुक्षेत्र अशी तीर्थे घडतील या आशेने निघालेली यात्रेकरू मंडळी होती. लढणाऱ्यांपेक्षा न लढणारे अधिक होते याविषयी सर्वांचे एकमत आहे. नेमका आकडा जो तो आपल्या कलाने सांगतो.

यमुनेपलीकडचा मुलूख तुटला, दक्षिणेचा रस्ता अब्दालीने अडविला आणि नोव्हेंबरपासून पानिपताच्या खंदकात कोंडमारा सुरू झाला तेव्हा उपासमारीचा पहिला घाव याच लोकांवर पडला. अब्दालीस मिळालेल्या शुजाउद्दौल्याच्या पदरी असलेला दक्षिणी ब्राह्मण काशिराज याने आपल्या फारसी वृत्तांतात सांगितलेली एक हकीकत मला पानिपताच्या सर्व हकीकतींत अत्यंत भयंकर वाटते. छावणीत सरपण व वैरण उरली नाही म्हणून हजारो माणसे, बहुतेक नि:शस्त्र, रात्री खंदकाबाहेर रानात गेली. अफगाण गस्तीच्या घोडेस्वारांनी त्यांना गाठले आणि घेरून कापून काढले. ही लढाई नव्हती, म्हणून युद्धवर्णनात ती एका वाक्याची धनी होते. डिसेंबरमध्ये बळवंतराव मेहेंदळे पडले त्या चकमकीस मात्र प्रत्येक ग्रंथात ऐसपैस जागा आहे. मेहेंदळ्यांचे शौर्य मोठेच होते. परंतु पौषाच्या थंडीत, दक्षिणेच्या पातळ वस्त्रांनिशी, दोन मोळ्या लाकडांसाठी अंधारात शिरलेल्या माणसांच्या मनात काय चालले असेल हे शोधण्याचे काम कोणाचे? बखरकाराला ते सुचले नाही. पण कादंबरीचा जन्म तर अशाच कामासाठी झालेला आहे.

बखरींचा विचार करताना कृतज्ञतेने बोलले पाहिजे. ‘भाऊसाहेबांची बखर’ हे मराठी गद्याचे एक लेणे आहे; बुराडी घाटावर दत्ताजी शिंदे पडतो तो प्रसंग ज्याने तिच्यात वाचला त्याला मराठी वाक्य किती वेगाने धावू शकते आणि कोठे एकाएकी थबकू शकते याचा पाठ मिळाला. रघुनाथ यादवाच्या ‘पाणिपतच्या बखरी’ची शैली अधिक अलंकृत, परंतु तिच्यातही शोक खरा आहे. मात्र दोन्ही बखरी दरबाराच्या दृष्टीने पाहतात आणि त्यांचा श्रोता थोर घरचा आहे. जमाव त्यांत येतो तो महापुरासारखा किंवा प्रलयासारखा, उपमानाच्या रूपाने. चेहरा त्याला नाही.

या दरबारी दृष्टीला छेद देणारा एकच समकालीन मराठी लेख माझ्या पाहण्यात आहे, आणि तो पुढे राज्याचा सर्वाधिकारी झालेल्या पुरुषाच्या हातचा असावा हे विलक्षण आहे. नाना फडणवीस पानिपतावर गेले तेव्हा त्यांचे वय अठरा वर्षांचे होते. बरोबर आई व पत्नी होत्या आणि मनात तीर्थयात्रेची ओढ होती. त्यांच्या त्रोटक आत्मवृत्तात व्यूहरचनेची चर्चा फारशी नाही. आहे ती संध्याकाळ, मोड झाल्यानंतरची धावपळ, अंगावरील प्रतिष्ठेची वस्त्रे व घोडा टाकून देऊन लंगोटीनिशी चालू लागणे, उंच गवतात लपणे, सोबत्यांवर पडलेले घाव, झाडपाल्यावर काढलेला दिवस, आणि आईचा वियोग. पत्नी पुढे सुखरूप भेटली. आई भेटली नाही. यौवनात मनाला झालेल्या मोहाची कबुली ज्या लेखात आहे त्याच लेखात हा पळ निर्लेपपणे सांगितला आहे, आणि त्यामुळे त्यातील प्रत्येक शब्दावर विश्वास बसतो. एका संध्याकाळपुरता हा भावी मुत्सद्दी खुर्द्यात जमा झाला होता. त्याने लिहिले म्हणून आपणांस एवढे तरी समजले. ज्यांना लिहिता येत नव्हते त्यांची संध्याकाळ कशी गेली असेल याचे अनुमान त्यावरूनच बांधावे लागते.

इतिहासकारांत त्र्यंबक शंकर शेजवलकर यांचे स्थान स्वतंत्र आहे. त्यांचे ‘पानिपत : 1761’ प्रथम इंग्रजीत 1946 साली आले आणि द्विशताब्दीच्या वर्षी, 1961 मध्ये, मराठीत. रणभूमीची पाहणी, नकाशे, फारसी व मराठी साधनांचा ताळा आणि कोणाच्याही मोठेपणाची भीड न धरणारी बुद्धी यांमुळे हा ग्रंथ आजही मागे पडलेला नाही. नानासाहेबांवर त्यांनी ठेवलेला ठपका ज्यांना अतिकठोर वाटतो त्यांनाही त्यांच्या युक्तिवादाशी झुंजावे लागतेच. माझ्या विषयाच्या दृष्टीने त्यांच्या विवेचनातील अधिक मोलाचा भाग निराळा आहे. चौदा जानेवारीच्या लढाईचा हेतू अब्दालीचा समूळ उच्छेद करणे हा नसून कोंडीतून बाहेर पडून यमुनेच्या काठाने दिल्लीची वाट धरणे हा होता, आणि त्यासाठी तोफा व गारदी पुढे घालून, बायकामुले व बुणगे पोटात घेऊन गोलाने सरकण्याचा बेत ठरला होता, हे त्यांच्या मांडणीने वाचकाच्या मनावर ठसते. गोलाच्या लढाईची सवय नसलेले विंचूरकर व गायकवाड यांचे स्वार आवेशाने बाहेर धावले आणि गारद्यांच्या तोफांच्या आड आले, तेव्हा गोल फुटला. म्हणजे ज्यांना आपण अडगळ म्हणतो त्यांच्या रक्षणासाठीच त्या दिवसाची व्यूहरचना आखलेली होती. भाऊसाहेबांनी त्यांना टाकून रातोरात निसटण्याचा मार्ग स्वीकारला नाही. सेनापतीच्या बचावासाठी वकिली करणाऱ्यांनी हा मुद्दा जितक्या जोराने मांडावयास हवा होता तितका मांडलेला नाही, कारण तो मांडावयाचा तर प्रथम बुणग्यांना माणसे मानावे लागते.

कादंबरीने काय केले? ‘मोचनगड’पासून, म्हणजे 1871 पासून, मराठी ऐतिहासिक कादंबरीचा ओढा गडकिल्ले, कारस्थाने आणि वीरपुरुष यांकडे राहिला. रणजित देसाई यांच्या ‘स्वामी’त (1962) पानिपत हे माधवराव पेशव्यांच्या कारकिर्दीवर पडलेले सावट आहे, कादंबरीचे लक्ष राजवाड्यात आहे आणि तेथे ते शोभते. विश्वास पाटील यांच्या ‘पानिपत’ने (1988) मात्र रणभूमीच विषय केली. भाऊसाहेबांची बाजू एवढ्या विस्ताराने व एवढ्या तळमळीने सामान्य वाचकापर्यंत यापूर्वी गेली नव्हती, आणि या एका पुस्तकाने अनेक घरांत इतिहासाची गोडी लावली हे ऋण मान्य केले पाहिजे. त्यातील छावणीच्या उपासमारीची पाने मला सर्वांत सरस वाटतात. तेथे लेखकाची भाषा भाषणाचा आवेश सोडून भुकेच्या जवळ जाते. परंतु लगेच सरदारांची मसलत सुरू होते आणि भुकेलेला माणूस पुन्हा पार्श्वभूमीत विरतो. लेखकाचा पक्ष ठरलेला असल्यामुळे प्रत्येक प्रसंगाला पुरावा व्हावे लागते, आणि पुराव्याच्या कामी नाव नसलेल्या माणसाचा उपयोग थोडा.

ना. सं. इनामदार यांची ‘शिकस्त’ या बाबतीत अधिक दूरवर पोहोचते असे मला वाटते, जरी तिचा बोलबाला त्यांच्याच ‘राऊ’ इतका झाला नाही. युद्ध संपल्यावर युद्ध ज्यांच्या घरात येऊन राहते त्यांपैकी एकीची, भाऊसाहेबांच्या पत्नी पार्वतीबाईंची, ती कथा आहे. सुरजमल जाटाच्या आश्रयामुळे जे वाचले त्यांत त्या होत्या. पतीचा मृत्यू त्यांनी कधीच मान्य केला नाही आणि 1783 मध्ये देह ठेवीपर्यंत त्या सौभाग्यवतीच्या वेषात राहिल्या. मध्यंतरी भाऊसाहेब म्हणवणारा तोतया उभा राहिला, त्याने फौज जमविली, आणि 1776 मध्ये पुण्यात त्याला देहान्त शिक्षा झाली, न. चिं. केळकरांच्या ‘तोतयाचे बंड’ या नाटकाचा विषय तोच. या तोतयाला इतकी माणसे का मिळाली याचे राजकीय उत्तर इतिहासात आहे. त्याचे मानवी उत्तर हेच, की महाराष्ट्रातील हजारो घरांत कोणाचे तरी प्रेत पाहिले गेले नव्हते, आणि भाऊसाहेब परत येऊ शकतात तर आपलाही माणूस येईल ही आशा विझली नव्हती. या आशेवर कोणी कादंबरी लिहिलेली नाही. पार्वतीबाईंच्या आशेला वाडा, नेमणूक आणि इतिहास मिळाला; शिरवळच्या किंवा जुन्नरच्या एखाद्या पखालजीच्या बायकोच्या आशेला काहीच मिळाले नाही.

असे लेखन मराठीत अशक्य आहे असे कोणी म्हणेल तर त्याला दोन ग्रंथ दाखविता येतात. वरसईचे विष्णुभट गोडसे कर्ज फेडण्यासाठी दानदक्षिणेच्या आशेने 1857 मध्ये उत्तरेस निघाले आणि झाशीच्या वेढ्यात सापडले. त्यांचा ‘माझा प्रवास’ चिंतामणराव वैद्यांनी 1907 मध्ये प्रसिद्ध केला आणि मूळ संहिता पुढे दत्तो वामन पोतदारांनी 1966 मध्ये छापली. राणीविषयी त्यांना आदर आहे, पण त्यांची नजर पाण्याच्या टंचाईवर, घरात दडून बसलेल्या माणसांच्या श्वासावर, जळालेल्या ग्रंथसंग्रहावर आणि शिपायांनी हिसकावून नेलेल्या चार पैशांवर असते. भिक्षुकाला आपण इतिहास लिहीत आहोत असे वाटत नव्हते, आणि म्हणून तो इतिहास झाला. दुसरा ग्रंथ विश्राम बेडेकरांची ‘रणांगण’, 1939 ची. नाव रणांगण, आणि रणांगण तीत कोठेच नाही. युरोपातून पूर्वेकडे निघालेली एक बोट, तिच्यावरील देशोधडीस लागलेले जर्मन ज्यू, चक्रधर आणि हेर्टा. बंदुकीचा एकही आवाज न ऐकविता बेडेकरांनी युद्धाने माणसाच्या प्रेमाचे काय होते ते सांगितले. आठ दशकांपूर्वी आपल्या भाषेने जे साधले ते स्वत:च्या इतिहासातील सर्वांत मोठ्या आघाताविषयी तिला साधू नये याचे कारण प्रतिभेचा अभाव हे नव्हे. नायकाचा न्याय करण्याची आपली हौस अजून फिटलेली नाही, हे आहे.

साधनांची उणीव आहे हा आक्षेप अर्धाच खरा आहे. सरदेसायांनी 1930 नंतरच्या काही वर्षांत पेशवे दप्तरातून निवडून छापलेले पंचेचाळीस भाग प्राधान्याने राजकारणाच्या पत्रांचे आहेत, कारण त्या वेळी तीच निकड होती. पण दप्तराचा फार मोठा भाग हिशेबाचा आहे. लढाईत कामास आलेल्याच्या मुलाबाळांस बालपरवेशी देण्याची रीत पेशवाईत होती; विधवेस नेमणूक, पोरक्या मुलास बापाची असामी, जखमीस इनाम, अशा नोंदींत गाव येते, बापाचे नाव येते, कधी मुलाचे वयही येते. पानिपतानंतरच्या दहा-पंधरा वर्षांतील अशा नोंदी मोडी रुमालांतून वेचून, गाववार व परगणेवार लावून, एखाद्या संशोधन मंडळाने छापण्याचे काम अंगावर घ्यावे. त्यात यात्रेकरू व बटकी सापडणार नाहीत हे खरे, कारण सरकार देणे लागते त्यांचीच नोंद ठेवते; तरी शिलेदार, बारगीर, खिदमतगार यांची शेकडो घरे त्यातून पुन्हा ओळखता येतील. मोडी वाचणारी माणसे अद्याप आहेत आणि त्यांना हे काम सांगणारे कोणी नाही. ती यादी तयार झाली म्हणजे एखाद्या तरुण कादंबरीकाराने तीतील एकच गाव निवडावे, पुण्यापासून फार दूर नसले तरी चालेल, आणि 1761 च्या फाल्गुनात त्या गावी पहिला परत आलेला माणूस कोण व त्याला वेशीवर कोणी काय विचारले, तेथून लिहावयास आरंभ करावा.