पाटणची काल्पनिक वेधशाळा

पाटणची काल्पनिक वेधशाळा : जळगाव जिल्ह्याच्या चाळीसगाव तालुक्यातील पाटण (पाटणादेवी) या प्राचीन स्थळाशी लोककल्पनेने जोडलेली वास्तू. गणिती व ज्योतिर्विद भास्कराचार्य (जन्म १११४) यांनी येथील डोंगराच्या पायथ्याशी भव्य वेधशाळा उभारली व तेथून ते काळाची गती मोजीत असत, अशी समजूत लोकप्रिय लेखनात अधूनमधून आढळते. समकालीन लेखांतून ज्याची माहिती मिळते, तो मात्र एक मठ आहे. मठाची वेधशाळा कशी झाली आणि या रूपांतरात काय झाकले गेले, याचा विचार खानदेशाच्या सांस्कृतिक इतिहासाच्या दृष्टीने आवश्यक ठरतो.

मठाची माहिती पाटण येथील देवीच्या मंदिरात सापडलेल्या शिलालेखातून मिळते. डॉ. भाऊ दाजी यांनी १८६५ मध्ये तो अभ्यासकांपुढे आणला व पुढे फ्रान्ट्स कीलहोर्न यांनी ‘एपिग्राफिया इंडिका’च्या पहिल्या खंडात त्याचे संपादन केले. त्यानुसार भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघण याचा प्रमुख ज्योतिषी होता. आजोबांच्या ‘सिद्धांतशिरोमणी’ व इतर ग्रंथांचे अध्यापन व्हावे म्हणून त्याने हा मठ स्थापन केला. त्यास निकुंभ घराण्यातील सोइदेव व हेमाडिदेव या बंधूंचा आश्रय लाभला. सोइदेवाने शके ११२८ मध्ये (इ. स. १२०७) चंद्रग्रहणाच्या पर्वावर मठास दान दिले. भास्कराचार्यांचा पुत्र लक्ष्मीधर याला यादव राजा जैत्रपाल याने याच नगरातून नेऊन आपल्या पंडितांचा प्रमुख केले, असेही लेखात म्हटले आहे. याच तालुक्यातील बहाळ येथील शके ११४४ च्या (इ. स. १२२२) लेखात भास्कराचार्यांचा भाऊ श्रीपती याचा नातू अनंतदेव याने देवीचे मंदिर बांधल्याचा उल्लेख येतो. घराण्याचा या भूमीशी असलेला संबंध त्यामुळे निःसंशय ठरतो. खुद्द भास्कराचार्यांनी आपले वसतिस्थान सह्याद्रीच्या आश्रयास असलेले विज्जलविड असे सांगितले असून, ते नेमके कोठले याविषयी विद्वानांत मतभेद आहेत. वेधशाळेचा उल्लेख या दोन्ही लेखांत नाही.

ही वेधशाळा कल्पनेत साकार होताना काळाची उलटापालट झाली आहे. तिचे चित्र डोळ्यांपुढे येते ते दगडविटांच्या प्रचंड यंत्रांचे. अशी यंत्रे सवाई जयसिंगाने अठराव्या शतकात दिल्ली, जयपूर, उज्जैन इ. ठिकाणी बांधली. त्यांमागे समरकंद येथील उलुगबेगाच्या पंधराव्या शतकातील वेधशाळेची परंपरा होती. भास्कराचार्य उज्जैनच्या वेधशाळेचे प्रमुख होते, या वारंवार केल्या जाणाऱ्या विधानामागेही हाच कालविपर्यास आहे. उज्जैनला आज दिसणारी वेधशाळा त्यांच्यानंतर सु. साडेपाच शतकांनी उभी राहिली. उत्तरकालीन वास्तू अशा रीतीने मागे नेऊन बाराव्या शतकात बसविण्यात आली.

दुसरा धागा लीलावतीच्या आख्यायिकेचा. मुलीच्या विवाहाचा मुहूर्त साधण्यासाठी भास्कराचार्यांनी पाण्यात घटिकापात्र सोडले. तिच्या अंगावरील मोती त्यात पडून छिद्र बुजले व मुहूर्त टळला, अशी ही कथा आहे. ज्या यंत्राने काळ मोजायचा, तेच यंत्र थांबल्याने काळ चुकावा, ही कल्पना हृद्य आहे. तथापि भास्कराचार्यांच्या ग्रंथात तिला आधार नाही. ती फैजीने १५८७ मध्ये केलेल्या ‘लीलावती’च्या फार्सी भाषांतरातून प्रसृत झाली. तिसरा धागा नामसादृश्याचा. जळगाव जिल्ह्याच्याच पूर्वेस, तापी-पूर्णा संगमावरील चांगदेव येथे प्राचीन मंदिर आहे. त्याचा संबंध ज्या योग्याशी जोडतात, तो चौदाशे वर्षे मृत्यूला परतवून लावणारा व पुढे ज्ञानेश्वर-मुक्ताबाईंपुढे नम्र झालेला चांगदेव होय. एक चांगदेव काळ चुकविणारा, दुसरा काळाचे गणित शिकविणारा. एकाच प्रदेशात नांदणारी ही दोन नावे ऐकणाऱ्याच्या मनात एकमेकांत मिसळली, तर नवल नाही.

भास्कराचार्यांचे स्वतःचे प्रतिपादन या कल्पनेशी विसंगत आहे. ‘सिद्धांतशिरोमणी’च्या (११५०) ‘गोलाध्याय’ या भागात त्यांनी गोल, नाडीवलय, यष्टी, शंकू, घटी, चक्र, चाप, तुर्य व फलक ही यंत्रे सांगितली आहेत. त्यांतील बहुतेक लहान, लाकडाची वा धातूची, एका माणसास हाताळता येतील अशी आहेत. उभ्या शंकूची छाया मोजून दिवसाची वेळ काढता येते. तळाशी छिद्र असलेले घटीपात्र पाण्यात बुडण्यास एक घटिका, म्हणजे २४ मिनिटे लागतात. या सर्वांवर त्यांनी धीयंत्राला, म्हणजे बुद्धीला, स्थान दिले आहे. ज्याला बुद्धी हेच श्रेष्ठ यंत्र वाटले, त्याच्या मोठेपणासाठी प्रचंड बांधकाम कल्पावे लागावे, यात त्याच्या विचाराचाच विसर पडल्याचे दिसते.

या काल्पनिक वास्तूची बाजूही समजून घेतली पाहिजे. पाटणला महेश्वर मंदिरासारखी प्रत्यक्ष वास्तू आजही पाहता येते, त्या मंदिरातील लेख शके १०७५ चा (इ. स. ११५३) आहे. विद्येची अशी दृश्य खूण तेथे नाही आणि ती उणीव कल्पनेने भरून काढली. सामान्य माणसाच्या मनात भास्कराचार्यांचे नाव जिवंत राहण्यास अशा कथांचा हातभार लागला. परंतु कथा व इतिहास यांची सरमिसळ झाली की, स्मृती टिकते आणि तिचा आशय निसटतो. साधनांच्या पुराव्याचा आग्रह आयुष्यभर धरणारे इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांचे निधन १९२६ मध्ये खानदेशातच, धुळे येथे झाले. त्यांच्या नावाचे संशोधन मंडळ असलेल्या या प्रदेशात तरी हा भेद पाळला जावा, ही अपेक्षा गैर नाही.

निसटलेला आशय शिलालेखाच्या अखेरच्या भागात आहे. आधीचा भाग संस्कृतात असून हा भाग जुन्या मराठीत आहे. बाजारात येणाऱ्या मालावरील राजाच्या करातील ग्राहकाकडून येणारा भाग मठास द्यावा, तेलाच्या प्रत्येक घाण्यामागे पळीभर तेल द्यावे, जे मापावयाचे ते मठाच्या मापाने मापावे व मापाईचा अर्धा भाग मठाला मिळावा, अशी व्यवस्था त्यात आढळते. राजवंशाची व पंडितांची प्रशस्ती संस्कृतात झाली. तेली, व्यापारी व मापारी यांना उद्देशून बोलण्याची वेळ येताच लेख मराठीत बोलू लागला. ग्रहगणिताची ही पाठशाळा पाटणच्या बाजारपेठेवर चालणार होती, आणि त्या पेठेतील धान्याचे माप मठाचे असणार होते. मराठी भाषेच्या आरंभकाळातील लेखांत या ओळींना महत्त्वाचे स्थान आहे.

काल्पनिक वेधशाळेत एकटा महापुरुष आकाशाकडे पाहत उभा असतो. लेखातील मठात शिकविणारे, शिकणारे आणि पळीभर तेलाने त्यांचे दिवे तेवत ठेवणारे लोक दिसतात. वास्तू म्हणून पहिली अधिक भव्य आहे. संस्कृतीचा पुरावा म्हणून दुसऱ्या मठाचे मोल अधिक आहे.