पाणवठ्यांचा पट

चित्र हा पुरावा होऊ शकतो काय? आमची हयात महसूल खात्यात गेली. खसरा, नकाशा आणि पटवाऱ्याची नोंद यांखेरीज जमिनीस अन्य साक्ष असते, असे त्या काळी कोणी म्हटले असते तर आम्ही तो अर्ज निकाली काढला असता. ‘न्गुरारा’ पटाची छायाचित्रे पाहिल्यापासून मात्र आम्ही तितके निःशंक राहिलेलो नाही.

पश्चिम ऑस्ट्रेलियातील ग्रेट सँडी वाळवंटाच्या वालमाजारी, वांगकाजुंगा आदी मूलनिवासींनी १९९७ साली हा पट रंगविला. आकार सुमारे १० मीटर बाय ८ मीटर. रंगविणारे ४०च्या आसपास. १९९३च्या कायद्यान्वये त्यांनी आपल्या भूमीवर दावा सांगितला होता. परंतु त्या भूमीशी असलेले नाते इंग्रजीत मांडता येईना. तेव्हा त्यांनी भूमीच रंगवून न्यायाधिकरणापुढे अंथरली. ज्याने त्याने पटावरील आपल्या पाणवठ्यावर उभे राहून स्वभाषेत साक्ष दिली.

रंगांच्या उधळणीमुळे हा पट अमूर्त चित्रासारखा भासतो आणि त्याचे कौतुकही बहुधा त्याच अंगाने होते. ते आम्हांस अपुरे वाटते. त्यातील वर्तुळे म्हणजे ‘जिला’, बारमाही पाणवठे. त्यांत पाऊस आणणारे सर्परूपी पूर्वज वसतात, अशी या लोकांची श्रद्धा आहे. दुसऱ्याच्या पाणवठ्यावर कुंचला चालविण्याचा अधिकार कोणासही नाही. म्हणूनच पटाची शैली एकसंध नाही. एखादा चोखंदळ रसिक तो दोष मानील. परंतु येथे जिथे हात बदलतो, तिथे हक्क बदलतो.

१९०६ साली आल्फ्रेड कॅनिंग गुरांच्या वाटेची पाहणी करीत या वाळवंटात शिरला. पाणी दाखवावे म्हणून त्याने येथील माणसांना साखळदंडांनी बांधले होते. पुढे त्या वाटेवर विहिरी झाल्या. पटावर या साऱ्या पराक्रमाला एका रेषेपुरती जागा आहे. आम्हांस हा पटाचा सर्वांत मार्मिक भाग वाटतो.

हा पट भिंतीवर उभा टांगू नये, असे आमचे मत आहे. ज्यावर उभे राहून बोलायचे, ते समोर उभे केले की केवळ पाहणेच उरते.

न्यायालयाने ७५ हजार चौरस किलोमीटरहून अधिक भूमीवरील हक्क मान्य केला तो २००७ साली. तोवर रंगविणाऱ्यांपैकी कित्येक वृद्ध कालवश झाले होते. दहा वर्षे! आमच्या कचेरीत नामांतरणाची एखादी फाइल इतकी रखडली, तर आम्हांस त्याचे फारसे काही वाटत नसे.