खाटेवरचा विनोद

चकली खुसखुशीत झाली की खाणारा खूष. भाजणी कोणती, हे तो विचारीत नाही. विनोदाचेही तसेच. मला मात्र भाजणी विचारण्याची खोड आहे. रे गाल्टन आणि अ‍ॅलन सिम्प्सन या इंग्रज जोडीने बीबीसीसाठी लिहिलेले विनोदी खेळ पाहताना ती पुन्हा उफाळून आली.

ही दोन लंडनची पोरे १९४८ साली भेटली, ती सरे परगण्यातल्या मिलफर्डच्या क्षयरुग्णालयात. विशीही उलटली नव्हती. क्षय म्हणजे त्या काळी महिनोन्‌महिने खाटेवर पडून राहणे. रुग्णालयाच्या आतल्या आत चालणाऱ्या नभोवाणीवर त्यांनी विनोदी श्रुतिका लिहिल्या. मग फ्रँक म्यूर आणि डेनिस नॉर्डन या नामांकित विनोदी लेखकांना पत्र घातले. त्यांनी उत्तर दिले, बीबीसीचा रस्ता दाखवला. (नवशिक्याच्या पत्राला उत्तर देणारे मोठे लेखक असतात, हे वाचून बरे वाटले.)

आरंभीची कमाई काय? डेरेक रॉय या विनोदी नटाला पाच शिलिंगांना एक याप्रमाणे कोट्या विकणे! १९५१ चा 'हॅपी गो लकी' हा नभोवाणी-कार्यक्रम त्याच वळणाचा. तिथेच थांबले असते तर आज त्यांची आठवण काढण्याचे कारण नव्हते.

पण १९५४ मध्ये टोनी हँकॉकसाठी अर्ध्या तासाची नभोवाणी-मालिका सुरू झाली. १९५६ पासून ती दूरचित्रवाणीवरही आली. इथे कोट्या हटल्या, माणूस आला. १९५८ च्या एका भागात रविवारची दुपार सरत नाही, एवढेच घडते. १९६१ च्या 'द बेडसिटर'मध्ये हँकॉक खोलीत एकटाच आहे. जाड तत्त्वज्ञानाचे पुस्तक शब्दकोश घेऊन वाचू पाहतो, सिगारेटने ओठ भाजून घेतो. लोक त्याच वर्षीच्या 'द ब्लड डोनर'ची थोरवी गातात; मी 'बेडसिटर'ला वरचा पाट देईन. छताकडे पाहत दिवस ढकललेल्यांनाच असे लिहिता येते.

यावर कुणी म्हणेल, क्षयाने हजारो पडले, ते कुठे लेखक झाले? आक्षेप रास्त आहे. आजाराने प्रतिभा दिली नाही. तिला विषय दिला, इतकेच माझे म्हणणे.

१९६२ च्या जानेवारीतला 'द ऑफर' पाहावा. भंगार गोळा करणारे बापलेक. पुढे त्यांच्यावर 'स्टेप्टो अँड सन' ही मालिका निघाली. तिच्या उत्तरार्धात बापाच्या घाणेरडेपणाचा जरा अतिरेक झाला, पण हा पहिला भाग निर्दोष आहे. मुलगा घर सोडायचे ठरवतो, गाडीवर सामान चढवतो. बाप घोडा देत नाही. मुलगा स्वतःच गाडी ओढू लागतो. ती जागची हलत नाही. हसता हसता आपण गप्प होतो. तो रडू लागतो, आणि म्हातारा त्याला चहासाठी घरात घेऊन जातो.