स्वतःला पडद्याबाहेर ठेवताना

फ्रान्समध्ये नटीने दिग्दर्शनात उतरणं ही बातमी राहिलेली नाही. मूकपटांच्या काळात म्युझिदोराने ते करून दाखवलं होतं. शिवाय १९५९पासून तिथे चित्रपटाला सरकारकडून जी आगाऊ रक्कम मिळते, ती मुख्यतः पटकथा वाचून. म्हणजे जिला लिहिता येतं, तिला निदान दार ठोठावता येतं.

गोची पुढे होते. कॅमेरा हाती आला की अनेकजणी नट्यांचीच गोष्ट सांगायला बसतात. झान मोरोचा ‘ल्युमिएर’ (१९७६) चार अभिनेत्रींच्या मैत्रीवर आहे. देखणा आहे, पण त्या कोंडाळ्याबाहेरचं वारं त्याला फारसं लागत नाही.

अभिनेत्री देल्फीन सेरिगने त्याच दशकात नट्यांवरच माहितीपट केला, मात्र तिने आरती ओवाळली नाही. साधा व्हिडिओ कॅमेरा, समोर एकेक अभिनेत्री, आणि प्रश्न : पुरुष असतीस तर या धंद्यात आली असतीस का? जेन फोंडा तिला हॉलिवूडमधल्या पहिल्या मेकअपबद्दल सांगते. आरशातला चेहरा तिला ओळखूच येईना. वर गाल आत जावेत म्हणून जबडा मोडून घ्यायचा सल्ला! हे ऐकल्यावर ‘ल्युमिएर’मधली मखमल जरा जास्तच मऊ वाटते.

मला या सगळ्यांत आन्येस जाऊई उजवी वाटते, कारण दिग्दर्शनात येण्याआधीच ती लेखिका होती. झाँ-पिएर बाक्रीबरोबर तिने नाटकं लिहिली, दिग्दर्शक आलँ रेनेसाठी पटकथा लिहिल्या. ‘ल गू देझ ओत्र’ (२०००) हा तिचा दिग्दर्शक म्हणून पहिलाच चित्रपट. त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा सेझार हा फ्रेंच पुरस्कार मिळाला. त्यातला कास्तेला हा कारखानदार एका नाटकवालीवर भाळतो. तिची कलावंत मित्रमंडळी हॉटेलात त्याची टर उडवतात आणि हा गडी त्यांच्याबरोबर खुशाल हसतो. तिला मिशा आवडत नाहीत म्हणून मिशाही उतरवतो. दुसऱ्या कुणी त्याचं नुसतं हसं केलं असतं. जाऊई मात्र उलट त्या सुसंस्कृत मंडळींचा उर्मटपणा उघडा पाडते. स्वतःकडे तिने ठेवली बारमध्ये काम करणाऱ्या मानीची भूमिका, आणि तिलाही ती वाजवीपेक्षा जास्त जागा देत नाही.

हा संयम मायवेनला जमत नाही. तिच्या ‘पोलिस’ला २०११मध्ये कान महोत्सवाचं ज्युरी पारितोषिक मिळालं. बालसंरक्षण पथकाची ती गोष्ट अंगावर येते. पण मायवेनने स्वतः साकारलेली छायाचित्रकार आली की ताण सैल पडतो. निकोल गार्सिया या बाबतीत शहाणी. ‘प्लास व्हाँदोम’ (१९९८) तिने काथरीन दनव्हच्या हवाली केला आणि दनव्हला व्हेनिसमध्ये अभिनयाचं पारितोषिक मिळालं.

नव्यांमध्ये हाफसिया हेर्झीकडे लक्ष ठेवावं. पहिल्या चित्रपटात मुख्य भूमिका तिचीच होती. ‘बॉन मेर’ (२०२१) या दुसऱ्या चित्रपटात ती मार्सेलच्या गरीब वस्तीत गेली आणि विमानं साफ करणाऱ्या आईची भूमिका तिने व्यावसायिक नटी नसलेल्या बाईला दिली. २०२५मध्ये ‘ला पेतीत दर्निएर’मध्ये नायिका म्हणून तिने नादिया मेलिती ही अगदी नवखी मुलगी घेतली. कानमध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक त्याच मुलीला मिळालं.