प्रतिसृष्टीचे पंचांग

विश्वामित्राने त्रिशंकूसाठी प्रतिसृष्टी मांडली, तेव्हा त्याने आकाशात नवी नक्षत्रे घडवली, अशी कथा आहे. दुसरे जग उभारायचे तर आधी काळाची सोय लावावी लागते, हे पुराणकारांना पक्के ठाऊक होते. अद्भुतरम्य कादंबऱ्या लिहिणारे पुष्कळ लेखक मात्र नेमके इथेच अंग चोरतात. राक्षस हवे तितके, तलवारी हव्या तितक्या. पण आज वार कोणता, हे त्या जगात कुणालाच ठाऊक नसते. जिथे वार नाही तिथे बाजार नाही, उपास नाही आणि उधारीचा वायदाही नाही. असे जग पाहायला सुंदर असते; त्यात राहता येत नाही.

या बाबतीत एका लेखकाने दाखवलेली चिकाटी मला फार मोलाची वाटते. ऑक्सफर्डचे प्राध्यापक जे. आर. आर. टोल्किन यांची 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ही कादंबरी १९५४-५५ साली तीन खंडांत प्रसिद्ध झाली. सत्तेची एक दुष्ट अंगठी अग्निपर्वतात टाकून नष्ट करायची, आणि हे काम येते फ्रोडो नावाच्या हॉबिटकडे. हॉबिट म्हणजे माणसाच्या निम्म्या उंचीचे, शेतीभातीत आणि खाण्यापिण्यात रमणारे लोक. शायर हा त्यांचा मुलूख. शेवटच्या खंडाच्या परिशिष्टात टोल्किनने या लोकांचे पंचांग दिले आहे.

त्याचे आकाश आपलेच आहे. बदलला आहे तो हिशेब. बारा महिने, प्रत्येक तीस दिवसांचा. फेब्रुवारीलाही तीसच! उरलेले पाच दिवस महिन्यांबाहेर: दोन वर्षाच्या सांध्यावर, तीन ऐन उन्हाळ्यात, आणि पाचही सणाचे. दरवर्षी तारखांचे वार सरकतात हे हॉबिटांना गैरसोयीचे वाटले. म्हणून त्यांनी वर्षाच्या मधल्या दिवसाला वारच दिला नाही. राहिले ३६४ दिवस, म्हणजे बरोबर बावन्न आठवडे. लीप वर्षाचा जादा दिवसही तसाच बिनवारी. त्यामुळे एखाद्या तारखेचा जो वार एकदा ठरला, तो कायमचा.

वर्ष शनिवारी सुरू होते. कागदावर मांडून पाहिले, तर महिन्यांचे पहिले दिवस रवि, मंगळ, गुरू, शनि, सोम, बुध असे येतात आणि पुढच्या सहा महिन्यांत हाच क्रम पुन्हा. शुक्रवार कधीच नाही. म्हणून जे कधी घडायचे नाही त्याला हॉबिट थट्टेने 'शुक्रवार, एक तारीख' म्हणतात. आपला कपिलाषष्ठीचा योग निदान वर्षानुवर्षांनी का होईना, येतो. यांचा शुक्रवार कधीच येत नाही. कोष्टक कुणीही करील. त्या कोष्टकातून गावकऱ्यांच्या तोंडी विनोद उगवला, इथे कादंबरीकार दिसतो.

हा हिशेब परिशिष्टापुरता नाही. पहिल्या प्रकरणात बिल्बोच्या वाढदिवसाची मेजवानी २२ सप्टेंबरला, गुरुवारी होते. सतरा वर्षांनी फ्रोडो घर सोडायच्या तयारीत असतो, तेव्हा पुन्हा २२ सप्टेंबर आणि पुन्हा गुरुवार. लेखक त्याकडे बोटही दाखवत नाही. १९४४ साली मुलाला लिहिलेल्या एका पत्रात त्याने तक्रार केली आहे की आपल्या कथेतले चंद्र अशक्य गोष्टी करत आहेत, आणि त्यापायी प्रकरणे मागे जाऊन दुरुस्त करावी लागली. चंद्र ढगाआड लपवून मोकळे होणे किती सोपे होते! आपण निर्माण केलेल्या जगाचा नियम आधी आपल्यावर लागू करणे, हीच कल्पित वाङ्मयातली प्रामाणिकता.

सगळेच मात्र सारखे साधलेले नाही. एल्फ या चिरंजीव लोकांचेही पंचांग दिले आहे. त्यांचे एक मोठे वर्ष आपल्या १४४ वर्षांचे, आणि वर्षात सहा ऋतू: चार ५४ दिवसांचे, दोन ७२ दिवसांचे. सहा ऋतू म्हटल्यावर आपल्याला ते जवळचे वाटायला हवेत; पण वाटत नाहीत. त्या ऋतूंत कुणी पेरणी करताना दिसत नाही, कुणाचे लग्न ठरत नाही. आकडे निर्दोष आहेत, पण ओलावा नाही. तेच एल्फांच्या वनातून बाहेर पडलेला सॅम हा फ्रोडोचा साधा माळी कोवळी चंद्रकोर पाहून बोटांवर दिवस मोजतो आणि हिशेब जुळत नाही म्हणून गोंधळतो, तेव्हा चिरंजीवांचा काळ आणि आपला काळ यांतले अंतर एका क्षणात कळते. परिशिष्टाच्या पानांना जे जमले नाही, ते सॅमच्या बोटांनी केले.

या पंचांगाचे खरे मोल कथेच्या शेवटी कळते. अंगठी २५ मार्चला नष्ट होते, आणि गोंडोरच्या राज्यात तोच वर्षारंभ ठरतो. (इंग्लंडातही १७५२ पूर्वी कायद्याने नवे वर्ष २५ मार्चलाच सुरू होई.) जगाला सण मिळतो. फ्रोडोला काय मिळते? ६ ऑक्टोबरला त्याच्या खांद्यावर वार झाला होता. बरोबर वर्षाने, परतीच्या वाटेवर, ती जखम पुन्हा ठणकते. १३ मार्चला कोळिणीने त्याला दंश केला होता. घरी परतल्यावर त्याच तारखेला तो अंथरुणाला खिळतो. सॅम त्या वेळी परगावी असतो. तो येईपर्यंत फ्रोडो सावरतो आणि अवाक्षर बोलत नाही.

आपल्याकडे 'उद्या तिथी आहे' एवढे म्हटले, की वडीलधारी माणसे विचारतात, 'कोणाची?' एकाच शब्दात कालगणना आणि वियोग दोन्ही मावतात. टोल्किनला हा शब्द ठाऊक नसेल, पण त्याचा अर्थ त्याने पुरेपूर ओळखला आहे.

आणि ६ एप्रिलला पुढे शायरमध्ये सुट्टी घेऊन नाचायची चाल पडते. कुणी म्हणे, तो सॅमचा वाढदिवस. कुणी म्हणे, सोनेरी झाड त्या दिवशी प्रथम फुलले. कुणी म्हणे, तो एल्फांचा पाडवा. कारण नक्की कुणालाच सांगता येत नाही, तरी नाच थांबत नाही. नरकासुर, बळी आणि अयोध्येला परतलेला राम, या सर्वांसाठी एकाच आठवड्यात पणत्या लावणाऱ्या आपल्याला हे वेगळे समजावून सांगायला नको. सण सगळ्यांचा होतो. फ्रोडोची ६ ऑक्टोबर मात्र त्याची एकट्याचीच राहते. दोन्ही तारखांना एकाच पंचांगात जागा आहे, म्हणून ते पंचांग मला खरे वाटते.