ओसाड घराची स्मृति

ओसाड घराचें वर्णन करूं लागलें कीं लेखकास उसासे टाकण्याचा मोह आवरत नाहीं. पडकी भिंत दिसतांच अश्रू ढाळावे, बंद कवाड दिसतांच गतवैभव आठवावें, असा परिपाठच पडून गेला आहे. व्हर्जिनिया वुल्फ ह्या इंग्रज लेखिकेनें आपल्या ‘टु द लाइटहाउस’ (१९२७) ह्या कादंबरींत हा मोह टाळला आहे. म्हणून तिच्या मधल्या भागाकडे आम्ही वाचकांचें लक्ष वेधूं इच्छितों.

रॅम्झे कुटुंबाचें स्काय बेटावरील सुटीचें घर ह्या भागांत १० वर्षें निर्मनुष्य असतें. ह्या चित्रामागें लेखिकेचा स्वानुभव आहे. तिच्या बालपणींचे उन्हाळे कॉर्नवॉलमधील सेंट आइव्हज येथें गेले. १८९५ मध्यें आई निवर्तली आणि तें घर सुटलें. परंतु कादंबरींत विलाप नाहीं. वारा खोल्यांतून हिंडतो, पुस्तकांस बुरशी चढते, दिवाणखान्यांत पाखरें घरटीं बांधतात, कोठीच्या फरशींतून काटेरी रोप डोकें वर काढतें. मुलांच्या खोलींत आईनें स्वहस्तें गुंडाळून ठेविलेली शाल हळूहळू सैल होते.

ह्याच काळांत ती आई मरते, एक मुलगी मरते, एक मुलगा महायुद्धांत पडतो. ह्या तिन्ही वार्ता लेखिकेनें कंसांतील एक-दोन वाक्यांत उरकल्या आहेत. कित्येकांस ही योजना निष्ठुर वाटेल. आम्हांस ती यथार्थ वाटते. घरास माणसांच्या मरणाची वार्ता कळत नाहीं. त्या शालीची घडी सुटतांना पाहून शोक करावयाचा तो वाचकानें.

एका बाबतींत मात्र आमचा लेखिकेशीं मतभेद आहे. मिसेस मॅक्नॅब ही झाडलोट करणारी वृद्धा घर उघडते, तेव्हां करड्या झग्यांत फुलांवर वाकलेली मालकीण तिच्या डोळ्यांपुढें उभी राहते. त्या घरांत स्मृति जिवंत आहे ती तिच्या मनांत, आणि अखेर घर सांवरतें तेंही तिच्या व तिच्या सोबतिणीच्या श्रमानें. अशा स्त्रीस लेखिकेनें मंदबुद्धि आणि झोकांड्या खाणारी म्हणून रंगवावें, हें आम्हांस रुचत नाहीं. मालकांच्या मनाचे सूक्ष्म तरंग टिपणारी लेखणी मोलकरणीच्या मनाशीं येऊन बोथट व्हावी, हा ह्या सुंदर प्रकरणांतील खरा उणेपणा होय. तो ध्यानीं ठेवूनच, पण आवर्जून, रसिकांनीं तें वाचावें.